क्विझ शो: सही केलेला कागद खोटा, मत्सरी साक्षीदार खरा

तुमच्यापैकी बरेच जण आत्ता पेटच्या तयारीत असतील किंवा कोर्सवर्क करत असतील. ‘संशोधन पद्धती’च्या नोट्समध्ये ‘बहिरंग परीक्षण’ आणि ‘अंतरंग परीक्षण’ ही दोन उपशीर्षकं हमखास असतात. साधन अस्सल आहे का, हे पाहणं म्हणजे बहिरंग परीक्षण. त्यातला मजकूर खरा आहे का, हे पाहणं म्हणजे अंतरंग परीक्षण. आपण टीप पाठ करतो, पेपरात लिहितो आणि सिनॉप्सिस लिहायला बसलो की विसरतो. मीही तेच केलं होतं. हे दोन शब्द वेगळे का ठेवलेत, ते मला नीट कळलं एका अमेरिकन सिनेमामुळे, आणि तेही त्या सिनेमाशी मनातल्या मनात भांडताना.

सिनेमा आहे रॉबर्ट रेडफर्ड यांचा ‘क्विझ शो’, १९९४ सालचा. सर्वोत्कृष्ट चित्रपटासह ऑस्करची चार नामांकनं त्याला होती. अमेरिकन टीव्हीवरच्या सुरुवातीच्या प्रश्नमंजूषांमध्ये जो घोटाळा झाला, त्याची ही गोष्ट. सिनेमा छान आहे, जरूर पाहा. पण तो पाहून ‘मला ती केस माहीत आहे’ असं म्हणू नका. का, ते सांगतो.

आधी काय घडलं ते

जून १९५५ मध्ये सीबीएस वाहिनीवर ‘द सिक्स्टी-फोर थाउजंड डॉलर क्वेश्चन’ सुरू झाला. काचेची बंद खोली, घामाघूम स्पर्धक, दर आठवड्याला वाढत जाणारी रक्कम. केबीसीमध्ये उत्तर ‘लॉक’ होण्याआधी आपण जो श्वास रोखून धरतो, तो धंदा तिथे तेव्हाच जमला होता. कार्यक्रम तुफान चालला आणि त्याच्या नकला निघाल्या. त्यातली एक म्हणजे एनबीसीवरचा ‘ट्वेंटी-वन’, सप्टेंबर १९५६ पासून. सूत्रसंचालक जॅक बॅरी, निर्माता डॅन एनराइट, प्रायोजक जेरिटॉल नावाचं टॉनिक.

पहिला भाग प्रामाणिकपणे खेळला गेला आणि सपशेल फसला. स्पर्धकांना प्रश्नामागून प्रश्न येईनात. प्रायोजक भडकले. त्यानंतर निर्मात्यांनी खेळ हातात घेतला. कोण किती आठवडे जिंकणार, कुठे बरोबरी होणार, कोण कधी हरणार, सगळं आधी ठरू लागलं.

हर्ब स्टेम्पेल हा न्यूयॉर्कच्या क्वीन्स भागातला, सिटी कॉलेजात शिकणारा, लष्करात नोकरी करून आलेला तरुण. माहितीचं भांडार. त्याला उत्तरं तर दिलीच, शिवाय सोंगही दिलं: केस बारीक कापायचे, मापात न बसणारा जुना सूट घालायचा, बॅरीला नेहमी ‘मिस्टर बॅरी’ म्हणायचं. तो आठवड्यांमागून आठवडे जिंकला. मग निर्मात्यांना नवा चेहरा हवा झाला. तो मिळाला चार्ल्स व्हॅन डोरेन यांच्या रूपाने. कोलंबिया विद्यापीठात इंग्रजी शिकवणारे, देखणे, बोलायला गोड. वडील मार्क आणि काका कार्ल, दोघेही पुलित्झरविजेते.

५ डिसेंबर १९५६ रोजी स्टेम्पेल ठरल्याप्रमाणे हरला. १९५५ सालच्या सर्वोत्कृष्ट चित्रपटाचं ऑस्कर कोणाला, हा प्रश्न होता. उत्तर ‘मार्टी’. हा त्याचा आवडता सिनेमा, तीनदा पाहिलेला. त्याला चुकीचं उत्तर द्यायला सांगितलं होतं आणि त्याने ते दिलं. व्हॅन डोरेन मार्च १९५७ पर्यंत खेळले, १,२९,००० डॉलर जिंकले, मधल्या काळात ‘टाइम’च्या मुखपृष्ठावर झळकले आणि पुढे एनबीसीवर नोकरीलाही लागले. कॉलेजात त्यांचा पगार वर्षाला साधारण ४,४०० डॉलर होता. यावरून काय ते समजा.

ज्याच्यावर कोणी विश्वास ठेवला नाही

१९५७ सालीच स्टेम्पेल वृत्तपत्रांकडे गेला. सगळं बनावट आहे, मला उत्तरं दिली होती, मला हरायला लावलं, असं त्याने सांगितलं. कोणी छापलं नाही. पुरावा नव्हता आणि अब्रुनुकसानीच्या दाव्याची भीती होती. पण आणखी एक कारण होतं, आणि ते आपल्या कामाचं आहे. स्टेम्पेल हा वाईट साक्षीदार दिसत होता. हरलेला, चिडलेला, व्हॅन डोरेन यांच्यावर उघड जळणारा. एनराइटने कबूल केलेली टीव्हीवरची नोकरी मिळाली नाही म्हणून फणफणणारा. ‘हा सूड उगवतोय’ असं म्हणणं अगदी सोपं होतं.

आता गंमत बघा. हे सगळं खरंच होतं. त्याला मत्सर होता, राग होता, पैशांची आणि नोकरीची अपेक्षा होती. आणि तो सांगत होता तेही खरंच होतं.

आपल्या पद्धतीच्या पुस्तकांत ‘साक्षीदाराचा हेतू तपासा’ असं लिहिलेलं असतं. बरोबरच आहे. पण हेतू तपासायचा म्हणजे नेमकं काय करायचं, हे पुस्तक सांगत नाही. आपण बहुतेक वेळा हेतू सापडला की तपास थांबवतो. ‘त्याचा स्वार्थ आहे’ इथे आपलं वाक्य संपतं. खरं तर तिथे काम सुरू व्हायला हवं. ज्याच्याजवळ तक्रार असते तोच बहुधा बोलायला येतो. समाधानी माणूस कशाला येईल? व्हॅन डोरेन काही आपण होऊन वृत्तपत्राच्या कचेरीत गेले नव्हते.

याचं आपल्याकडचं रूप पाहायला लांब जावं लागत नाही. समजा, तुम्ही पुण्यातल्या एखाद्या वस्तीतल्या पाणीपुरवठ्यावर काम करताय. एक निवृत्त अधिकारी भेटतात. बैठकीच्या खोलीत बसवतात, चहा देतात, प्रमाण मराठीत, तारीखवार, आकडेवार बोलतात. दुसरीकडे नळावर एक बाई भेटते. तिचं नगरसेवकाशी भांडण आहे, ती ओरडून बोलते, एका वाक्यात तीन वर्षं मागेपुढे करते. घरी येऊन ट्रान्स्क्रिप्ट लिहिताना कोणाची वाक्यं तुम्ही ‘माहिती’ म्हणून घेता आणि कोणाची ‘प्रतिक्रिया’ म्हणून? प्रामाणिकपणे आठवून पाहा. ‘ट्वेंटी-वन’च्या निर्मात्यांनी प्रेक्षकांच्या ह्याच सवयीवर पैसे लावले होते. सुशिक्षित घरातला, सफाईदार बोलणारा माणूस ज्ञानी असणारच, असं लोकांना वाटलं. ती सवय आपल्यातही आहे, आणि ती संशोधनात शिरली की तिला ‘विश्वासार्ह निवेदक’ असं भारदस्त नाव मिळतं.

तीन अस्सल साधनं

आता बहिरंग-अंतरंगाकडे येऊ. या केसमध्ये तीन साधनं अशी आहेत की तिन्ही त्याच काळातली, तिन्ही अस्सल.

पहिलं, कार्यक्रमाचं चित्रण. त्या काळी थेट प्रक्षेपण टीव्हीच्या पडद्यावरून फिल्मवर उतरवून ठेवत, त्याला किनेस्कोप म्हणत. स्टेम्पेल आणि व्हॅन डोरेन यांच्या सामन्याचं असं चित्रण आजही पाहता येतं. त्यात व्हॅन डोरेन कपाळ पुसतात, ओठ चावतात, स्वतःशी पुटपुटतात, मग उत्तर ‘सापडतं’. चित्रण शंभर टक्के अस्सल आहे. त्यात दिसणारा विचार मात्र बसवलेला आहे.

दुसरं, स्टेम्पेलने सही केलेलं निवेदन. मार्च १९५७ मध्ये एनराइटने त्याच्याकडून लिहून घेतलं की मला कधीही कसलीही मदत मिळाली नाही. सही त्याचीच, तारीख खरी, कागद खरा. मजकूर मात्र खोटा. नोकरीच्या आशेवर केलेली ती सही होती. एनराइटने दोघांमधलं संभाषणही गुपचूप ध्वनिमुद्रित करून ठेवलं होतं. पुढे प्रकरण फुटल्यावर ते पत्रकारांना ऐकवलं, स्टेम्पेल हा ब्लॅकमेल करणारा आहे हे दाखवायला.

तिसरं, जेम्स स्नॉडग्रास नावाच्या चित्रकाराची पत्रं. हाही ‘ट्वेंटी-वन’चा स्पर्धक. मे १९५७ मध्ये त्याने पुढच्या कार्यक्रमात येणारे प्रश्न आणि त्याला पढवलेली उत्तरं कागदावर लिहिली, पाकिटात घातली आणि स्वतःच्याच पत्त्यावर रजिस्टर पोस्टाने पाठवली. पाकिटं आली, ती त्याने न फोडता ठेवून दिली. एका प्रश्नात हिमगौरीच्या सात बुटक्यांची नावं सांगायची होती. ती कोणत्या क्रमाने सांगायची, कुठे अडखळायचं आणि कुठलं नाव आठवल्यासारखं करायचं, तेसुद्धा त्यात होतं.

रजिस्टर ए.डी.चं महत्त्व आपल्याला वेगळं सांगायला नको. अर्धं आयुष्य आपण त्या पोचपावत्या फायलीला लावत काढतो. पण इथे त्या शिक्क्याने नेमकं काय सिद्ध केलं, ते बघा. ‘स्नॉडग्रास खरं बोलतो’ असं टपाल खातं म्हणत नव्हतं. ते एवढंच म्हणत होतं की हे पाकीट या तारखेला आमच्या हातात आलं. ती तारीख कार्यक्रमाच्या आधीची होती. प्रश्न विचारला जाण्याआधी तो पाकिटात कसा पोचला, याला एकच उत्तर उरतं.

म्हणजे तिन्ही साधनं बहिरंग परीक्षणात उत्तीर्ण झाली. अंतरंग परीक्षणात दोन नापास, एक पास. फरक कशाने पडला? सही केलेला कागद ज्याला त्याचा फायदा होता त्याने करवून घेतला होता आणि त्याच्याच कपाटात ठेवला होता. चित्रण तर विकायलाच केलेलं होतं. स्नॉडग्रासच्या पत्राची तारीख मात्र अशा संस्थेने लावली होती जिला या भानगडीशी काही देणंघेणं नव्हतं. आणि त्यात असं काही होतं जे त्या तारखेला लिहिणाऱ्याला एरवी माहीत असणं शक्यच नव्हतं.

सदाशिव पेठेतल्या भारत इतिहास संशोधक मंडळाच्या पायऱ्या चढणाऱ्यांना यात ओळखीचं काही दिसेल. १९१० साली हे मंडळ स्थापणारे वि. का. राजवाडे आयुष्यभर एका गोष्टीसाठी भांडले: मागाहून लिहिलेल्या बखरीपेक्षा त्या वेळचा अस्सल कागद वरचढ. हा आग्रह आपल्या इतिहासलेखनाचा पाया झाला आणि तो योग्यच होता. पण त्याचं घोषवाक्य करून टाकलं की घात होतो. स्टेम्पेलचं निवेदन समकालीन, अस्सल, सहीचं आणि खोटं आहे. त्याने मागाहून, रागाने, तोंडी सांगितलेली हकीगत खरी आहे. अस्सलपणा ही पहिली पायरी आहे. त्यावर बसून राहायचं नसतं.

आणि आता सिनेमा नावाची बखर

ही केस कशी फुटली? ऑगस्ट १९५८ मध्ये. सीबीएसच्या ‘डॉटो’ नावाच्या दुसऱ्याच कार्यक्रमात एका राखीव स्पर्धकाला सहस्पर्धक मुलीची वही सापडली. तिला विचारल्या जाणाऱ्या प्रश्नांची उत्तरं त्यात आधीच लिहिलेली होती. कार्यक्रम बंद झाला आणि मग वृत्तपत्रांना स्टेम्पेल आठवला. न्यूयॉर्कच्या जिल्हा अभियोक्ता कार्यालयातले जोसेफ स्टोन यांनी तपास हाती घेतला. ग्रँड ज्युरीपुढे नऊ महिने साक्षी झाल्या, सुमारे १५० जणांच्या. त्यातले जवळपास १०० शपथेवर खोटं बोलले, असा अभियोक्त्यांचा अंदाज होता. खोटं बोलणाऱ्यांत व्हॅन डोरेनही होते. न्यायाधीशांनी तो अहवाल बंद ठेवला. त्यानंतर वॉशिंग्टनमधल्या संसदीय उपसमितीने प्रकरण उचललं. तिथला तरुण तपासनीस म्हणजे रिचर्ड गुडविन. २ नोव्हेंबर १९५९ रोजी व्हॅन डोरेन यांनी समितीपुढे कबुली दिली.

सिनेमात हा साधारण तीन वर्षांचा पट काही महिन्यांत घडल्यासारखा दिसतो आणि त्याचा नायक आहे गुडविन. सत्य जणू त्यानेच खणून काढलं. स्टोन यांचं काम मागे पडतं. असं का झालं? सिनेमा कशावर बेतलाय ते बघा: गुडविन यांच्याच १९८८ च्या आठवणींच्या पुस्तकातल्या एका प्रकरणावर. सिनेमाचा सल्लागार कोण? स्टेम्पेल. व्हॅन डोरेन यांनाही पैसे देऊ केले होते, त्यांनी नाही म्हटलं आणि २००८ पर्यंत या विषयावर गप्प राहिले. जो बोलला तो गोष्टीच्या मध्यभागी आला. स्टोन यांनी १९९२ साली स्वतःचं पुस्तक लिहिलं होतं, पण सिनेमाची कथा त्यावर उभी नव्हती.

मला जास्त खटकतं ते दुसरंच. सिनेमात व्हॅन डोरेन आधी नकार देतात. मग थेट कार्यक्रमात, काचेच्या खोलीत, त्यांना असा प्रश्न येतो ज्याचं उत्तर त्यांनी निवडीच्या वेळी दिलेलं असतं. एका क्षणाचा मोह, आणि माणूस घसरतो. पाहताना आपला जीव तुटतो. त्यांची स्वतःची १९५९ मधली साक्ष याहून साधी आणि याहून कडू आहे. पहिल्या कार्यक्रमाच्या आधीच निर्माता अल्बर्ट फ्रीडमनने त्यांना गाठलं. स्टेम्पेलला हरवणं अवघड आहे, म्हणून व्यवस्था करावी लागेल, असं सांगितलं. मला सरळ खेळू द्या, असं ते म्हणाले. ते शक्य नाही म्हटल्यावर तयार झाले. म्हणजे काचेच्या खोलीत तो क्षण आलाच नव्हता. निर्णय आधीच, शांतपणे, बसून घेतलेला होता.

सिनेमाने ‘मोह’ दाखवला कारण मोह दाखवता येतो. बसून, विचार करून, स्वतःची समजूत घालून दिलेला होकार पडद्यावर दिसत नाही. पण संशोधनातली लबाडी जवळजवळ नेहमी त्या दुसऱ्या प्रकारची असते, हे आपल्याला माहीत आहे. दोन प्रश्नावल्या कमी पडतात, त्या खोलीवर बसून भरल्या जातात. न वाचलेलं पुस्तक दुसऱ्याच्या संदर्भसूचीतून उचललं जातं. तिथे काचेची खोली नसते, घाम नसतो. ‘एवढं तर सगळेच करतात’ हे वाक्य असतं. व्हॅन डोरेन यांचीही अशीच समजूत घातली गेली होती: हे मनोरंजन आहे, असं चालतंच, आणि तुमच्यामुळे शिक्षकांची, शिक्षणाची प्रतिष्ठा वाढेल. माझ्या मते सिनेमाने सर्वांत मोठी संधी इथे घालवली. त्याने खलनायक दाखवले, बळी दाखवले. स्वतःला समजावणारा माणूस मात्र अर्धाच दाखवला.

म्हणून सिनेमा टाकून द्यायचा का? नाही. बखरीही आपण टाकून देत नाही. सभासदाची बखर शिवाजी महाराजांच्या पश्चात लिहिलेली आहे म्हणून ती निरुपयोगी ठरत नाही. लिहिणाऱ्यांना काय आठवलं, काय आठवावंसं वाटलं, हे ती सांगते. ‘क्विझ शो’ हे १९५६ चं साधन म्हणून कच्चं आहे. पण १९९४ च्या अमेरिकेला १९५६ कसं आठवायचं होतं, याचं ते उत्तम साधन आहे. वर्ग आणि धर्म यांची बारीक धार त्यात आहे. खानदानी व्हॅन डोरेन आणि क्वीन्सचा ज्यू स्टेम्पेल यांच्यातली दरी त्यात फार नेमकी दिसते. समितीचे सदस्य कबुलीबद्दल व्हॅन डोरेन यांची स्तुती करत सुटतात आणि एकच जण म्हणतो की सत्य सांगितल्याबद्दल प्रौढ माणसाचं कौतुक कसलं, तो प्रसंगही आहे. आणि तो खरोखर घडलेला आहे.

शेवटी एक गोष्ट, जी मला अजून टोचते. टीव्हीवरची प्रश्नमंजूषा ठरवून खेळणं हा तेव्हा गुन्हाच नव्हता. कायदा आला १९६० मध्ये. स्पर्धकांना शिक्षा झाल्या त्या शपथेवर खोटं बोलल्याबद्दल, आणि त्याही स्थगित. निर्माते काही वर्षं बाजूला बसले आणि टीव्हीवर परतले. व्हॅन डोरेन यांचं विद्यापीठ गेलं. स्टेम्पेल खरा ठरला, पण आपण खोट्याचे भागीदार होतो ही ओळख त्याला शेवटपर्यंत चिकटली. २०२० मध्ये तो गेला, व्हॅन डोरेन त्याच्या आदल्या वर्षी.

तेव्हा पुढच्या वेळी एखादं साधन हातात आलं, कागद असो, मुलाखत असो की यूट्यूबवरचा व्हिडिओ, तर ‘अस्सल आहे का’ एवढ्यावर थांबू नका. हे कोणी करवून घेतलं? कोणाच्या कपाटात राहिलं? तारीख कोणी लावली? त्या तारखेला लिहिणाऱ्याला हे माहीत असू शकत होतं का? आणि समोर रागावलेला माणूस असेल तर त्याचा राग वहीच्या एका बाजूला लिहा, त्याची हकीगत दुसऱ्या बाजूला. मधली रेघ पुसू देऊ नका.

पाच मार्कांची टीप आहे ती. पण १९५७ मध्ये ती कोणी नीट लिहिली असती, तर स्टेम्पेलला वर्षभर वाट पाहावी लागली नसती.